विश्लेषण : खोका उघडण्याआधीच कंपनी कशी ओळखू येते?

मानकोली नाक्यावरून दापोड्याच्या रस्त्याला लागले, की दोन्ही बाजूंना गोदामांच्या रांगा सुरू होतात. मुंबई-ठाण्यातील घरांत पोहोचणारा कितीतरी माल आधी भिवंडी तालुक्यातील या गावात आणि आसपासच्या पट्ट्यात येऊन थांबतो. साबण, बिस्किटे, मोबाइल, चपला, रंगाचे डबे, सगळे खोक्यांत बंद. तरीही ट्रकचे दार उघडताच आत कोणाचा माल आहे, हे बहुतेक वेळा एका नजरेत कळते. ही ओळख कंपन्या कशी घडवतात, तिची नक्कल झाली तर कायदा काय सांगतो आणि भिवंडीतील लहान यंत्रमागधारक किंवा मसाले विकणारा बचत गट त्यातून काय घेऊ शकतो, याचा हा आढावा.

दापोड्यातच इतकी खोकी का?

मुंबईत माल आणताना पूर्वी जकात भरावी लागे. त्यामुळे माल महापालिकेच्या हद्दीबाहेर साठवायचा आणि मागणी येईल तसा आत न्यायचा, हे व्यापाऱ्यांना परवडत असे. महामार्ग लागून, मुंबई-ठाणे जवळ आणि जागा तुलनेने स्वस्त. या कारणांनी भिवंडीभोवतीच्या भातखाचरांच्या जागी गोदामे उभी राहिली. १ जुलै २०१७ रोजी वस्तू व सेवा कर लागू झाला आणि जकात गेली. गोदामे मात्र राहिली. ऑनलाइन खरेदी वाढली तशी ती आणखी मोठी झाली. ॲमेझॉन आणि फ्लिपकार्ट या कंपन्यांची मोठी कोठारेही भिवंडी परिसरात आहेत.

खोक्यावरच्या खुणा कोणासाठी असतात?

साधा पुठ्ठ्याचा खोका नीट पाहिला तर त्यावर तीन प्रकारच्या खुणा दिसतात. पहिली खूण माल उचलणाऱ्यासाठी. छत्री म्हणजे पाण्यापासून जपा, काचेचा पेला म्हणजे आत फुटणारी वस्तू आहे, वर जाणारे दोन बाण म्हणजे ही बाजू वर ठेवा. माल भरणारा आणि उतरवणारा वेगवेगळ्या भाषा बोलत असले, तरी या खुणांचा अर्थ दोघांनाही कळतो.

दुसरी खूण यंत्रासाठी, म्हणजे बारकोड. त्याखालच्या आकड्यांची सुरुवात ८९० ने असेल, तर तो क्रमांक भारतातील संस्थेने दिलेला असतो. वस्तू भारतातच बनली, असा त्याचा अर्थ होत नाही. अनेकांचा तसा गैरसमज असतो.

तिसरी खूण माणसाच्या आठवणीसाठी, म्हणजे कंपनीचे नाव, चिन्ह आणि रंग. पहिल्या दोन खुणा सगळ्या कंपन्यांना सारख्याच वापराव्या लागतात. तिसरी मात्र इतर कोणासारखीही असून चालत नाही.

या तिसऱ्या खुणेची खरी परीक्षा खोक्यावरच होते. जाहिरातीत हवे तितके रंग वापरता येतात. तपकिरी पुठ्ठ्यावर बहुधा एक-दोन रंगांतच छपाई होते आणि तीही थोडी पसरते. एवढ्यावरही चिन्ह ओळखू आले तर ते पक्के. ॲमेझॉनच्या नावाखालचा वळणदार बाण याचे सोपे उदाहरण. २००० सालापासून वापरात असलेला हा बाण इंग्रजी ‘ए’पासून ‘झेड’पर्यंत जातो, म्हणजे सगळे काही मिळेल, आणि तो हसऱ्या ओठांसारखाही दिसतो. खोक्यावर एका काळ्या शाईत छापला तरी त्यातले काही हरवत नाही.

दृश्य ओळख म्हणजे फक्त लोगो का?

नाही. लोगो हा तिचा एक भाग. रंग, अक्षरांचे वळण, वेष्टनावरची मांडणी, बाटलीचा आकार, एखादे चित्रपात्र हे सगळे मिळून ओळख तयार होते.

केवळ आकाराने ओळख कशी होते, याचा दाखला कोका-कोलाच्या बाटलीचा. १९१५ साली अमेरिकेत कंपनीने बाटली बनवणाऱ्यांना अट घातली होती, की अंधारात हाताला लागली किंवा फुटून जमिनीवर पडली तरी ती आमचीच आहे हे कळले पाहिजे. त्यातून कमरेत बारीक असलेली ती बाटली जन्माला आली.

चित्रपात्राचा दाखला आपल्या जवळचा आहे. मुंबईत १९४२ साली सुरू झालेल्या एशियन पेंट्ससाठी व्यंगचित्रकार आर. के. लक्ष्मण यांनी १९५४ साली हातात रंगाचा ब्रश घेतलेला, कपाळावर केसांची बट आलेला खट्याळ मुलगा काढला. ‘गट्टू’ हे त्याचे नाव लोकांकडून स्पर्धेद्वारे मागवण्यात आले. ज्यांना कंपनीचे इंग्रजी नाव वाचता येत नव्हते, त्यांनाही गट्टूचा डबा मागता येत होता.

चित्रावरून माल ओळखण्याची पद्धत किती जुनी?

मराठीत आजही ‘अमुक छाप’ माल म्हणतात. या ‘छाप’ शब्दातच जुना व्यापार दडलेला आहे. एकोणिसाव्या शतकात मँचेस्टरच्या गिरण्यांचे कापड मुंबई बंदरात उतरे, तेव्हा त्याच्या ताग्यांवर रंगीत छापील चित्रे चिकटवलेली असत. त्यांत देवदेवता असत, हत्ती आणि वाघ असत, राजेमहाराजे असत. खरेदीदाराला गिरणीचे नाव वाचता येत नसे, पण मागच्या वेळचे कापड चांगले निघाले ते हत्तीच्या चित्राचे होते, हे त्याच्या पक्के लक्षात राही. पुढे मुंबईच्या गिरण्यांनीही हीच रीत उचलली. मालावरील खोट्या खुणांना आळा घालणारा कायदा ब्रिटिश सरकारने १८८९ साली केला, यावरून नकलेचा उद्योगही तितकाच जुना असल्याचे दिसते.

मराठी उद्योजकांनीही प्राणी निवडले. दांडेकर बंधूंनी मुंबईत १९३१ साली शाईचा व्यवसाय सुरू केला, तेव्हा शाईच्या पुड्या आणि गोळ्या ‘हॉर्स ब्रँड’ नावाने विकल्या जात. नंतर घोड्याच्या जागी उंट आला आणि ‘कॅमल’ व ‘इंक’ मिळून ‘कॅम्लिन’ झाले. रंगपेटीवरचा उंट अनेक पिढ्यांनी शाळेच्या दप्तरात वागवला.

एकच खूण वर्षानुवर्षे का जपायची?

कारण ओळख पाहून होत नाही, पुन्हा पुन्हा पाहून होते. स्थानकात शिरणारी लाल एसटी आपण पाटी वाचण्याआधीच ओळखतो. गाडी कुठली, हे नंतर वाचतो. प्रवाशांनी तिला ‘लालपरी’ म्हटले, ते या रंगावरून.

विलेपार्ले येथे १९२९ साली सुरू झालेल्या आणि उपनगराचेच नाव घेतलेल्या पार्ले कंपनीने हे नेमके जाणले. पार्ले-जी बिस्किटांचे वेष्टन मेणकागदाचे होते, ते प्लास्टिकचे झाले. पण पांढरे-पिवळे पट्टे, लाल अक्षरे आणि गुबगुबीत गालांचे मूल तसेच राहिले. ते मूल कोण, यावर अनेक गोष्टी रंगल्या. ते कोणा खऱ्या मुलीचे छायाचित्र नसून साठच्या दशकातील चित्र आहे, असे कंपनीने सांगितले आहे.

ही खूण मोडली तर काय होते, हे अमेरिकेतील ट्रॉपिकाना या रसाच्या कंपनीने २००९ साली अनुभवले. स्ट्रॉ खोचलेले संत्रे वेष्टनावरून काढून तिथे रसाच्या पेल्याचे चित्र छापण्यात आले. रस तोच होता. पण ग्राहकांना दुकानाच्या फळीवर आपला नेहमीचा डबा सापडेना. दोन महिन्यांच्या आत विक्री सुमारे २० टक्क्यांनी घसरली आणि कंपनीला जुने वेष्टन परत आणावे लागले.

मग बदल कधीच करायचा नाही का?

करावा लागतो, प्रश्न काय बदलायचे आणि काय ठेवायचे, हा असतो. पार्लेचे बिस्किट आधी ‘पार्ले ग्लुको’ नावाने विकले जाई. ‘ग्लुको’ किंवा ‘ग्लुकोज’ हा शब्द मालाचे वर्णन करणारा, त्यामुळे इतर कंपन्याही ग्लुकोज बिस्किटे विकू लागल्या आणि ग्राहक दुकानात नुसते ‘ग्लुकोज’ मागू लागला. ऐंशीच्या दशकात कंपनीने नाव ‘पार्ले-जी’ केले. नाव बदलले, चेहरा ठेवला.

एशियन पेंट्सने २००२ साली गट्टूला निवृत्त केले. कंपनीचे नाव तोवर इतके रुजले होते, की त्याच्याशिवायही काम चालणार होते.

नक्कल कशाला म्हणायचे?

यावरचा महत्त्वाचा निकाल पार्लेच्याच खटल्यातला आहे. पार्लेच्या त्या काळच्या वेष्टनावर शेतघराच्या अंगणात पाण्याची बादली घेतलेली मुलगी, भोवती गायी आणि कोंबड्या असे चित्र होते. म्हैसूरच्या एका कंपनीच्या बिस्किटांच्या वेष्टनावरही मुलगी, गायी, कोंबड्या आणि शेतघर होते. फक्त या मुलीच्या डोक्यावर गवताचा भारा आणि हातात विळा होता. खालच्या न्यायालयांना दोन्हींत पुरेसा फरक दिसला आणि पार्लेचा दावा फेटाळला गेला.

सर्वोच्च न्यायालयाने १९७२ साली निकाल फिरवला. दोन वेष्टने शेजारी ठेवून फरक मोजायचे नसतात, हे त्याचे मुख्य सूत्र. ग्राहक दुकानात जाताना जुने वेष्टन बरोबर नेत नाही. तो फक्त धूसर आठवण घेऊन जातो. सामान्य ग्राहक त्या आठवणीच्या भरवशावर एक समजून दुसरे उचलेल का, एवढेच पाहायचे. आकार, रंग आणि एकूण मांडणी सारखी असेल, तर बारीकसारीक फरकांनी नक्कल करणारा सुटत नाही.

रंगावर हक्क सांगता येतो का?

एकट्या लाल किंवा पिवळ्या रंगावर मालकी मिळवणे फार अवघड. पण रंगांच्या ठरावीक जोडीला संरक्षण मिळू शकते. २००३ पासून लागू झालेल्या ‘व्यापारचिन्ह कायदा, १९९९’ मध्ये चिन्हाच्या व्याख्येत नाव, चित्र, अक्षर आणि अंक यांच्याबरोबर वस्तूचा आकार, वेष्टन आणि रंगांचा मेळ यांचाही समावेश आहे.

२००३ सालीच दिल्ली उच्च न्यायालयापुढे कोलगेटच्या दंतमंजनाच्या डब्याचे प्रकरण आले. एक तृतीयांश लाल आणि दोन तृतीयांश पांढरा, ही डब्याची रंगसंगती अँकर कंपनीने वापरल्याची तक्रार होती. दोन्ही डब्यांवरील नावे स्पष्टपणे वेगळी होती. तरीही न्यायालयाने त्या क्रमाने व प्रमाणात लाल-पांढरा वापरण्यास अंतरिम मनाई केली. ज्याला नाव वाचता येत नाही, तो रंगावरूनच डबा मागतो, हा विचार त्यामागे होता.

लिपी बदलली तर ओळख बदलते का?

महाराष्ट्रात हा प्रश्न प्रत्यक्ष रस्त्यावर आला. २०२२ मधील दुरुस्तीनंतर राज्यातील सर्व दुकानांना मराठी देवनागरीत पाटी बंधनकारक झाली आणि मराठी अक्षरे इतर लिपीपेक्षा लहान नसावीत, असे ठरले. व्यापारी संघटना सर्वोच्च न्यायालयात गेल्या. न्यायालयाने सप्टेंबर २०२३ मध्ये पाट्या बदलण्यासाठी दोन महिन्यांची मुदत दिली.

ज्यांनी घाईत मिळेल त्या साच्यात नाव लिहून टाकले, त्यांची पाटी परकी वाटते. ज्यांनी मूळ अक्षरांची जाडी, वळण आणि रंग देवनागरीत उतरवला, त्यांची पाटी वेगळ्या लिपीतही लगेच ओळखू येते.

लिज्जतच्या सात जणींकडे काय होते?

जाहिरातीला पैसे असलेल्यांचाच हा खेळ आहे, असे वाटत असेल तर गिरगावकडे पाहावे. १५ मार्च १९५९ रोजी सात महिलांनी ८० रुपये उसने घेऊन पापड लाटायला सुरुवात केली. पहिल्या दिवशी चार पाकिटे झाली. त्यांच्याकडे नावही नव्हते. ‘लिज्जत’ हे नाव १९६२ साली सदस्यांमधील स्पर्धेतून निवडले गेले आणि त्यासाठी बक्षीस होते ५ रुपये.

नावाच्या आधी त्यांनी एक निर्णय घेतला होता. सुरुवातीला दोन प्रतीचे पापड करून हलके पापड स्वस्तात विकायचे, असे चालले होते. मार्गदर्शक छगनबाप्पा पारेख यांनी ते थांबवायला सांगितले. एकच प्रत ठेवा आणि तिच्यात तडजोड नको, हा त्यांचा सल्ला. पुढे कणीक केंद्रावर मळून सदस्यांना लाटण्यासाठी घरी दिली जाऊ लागली, त्यामुळे हजारो हातांनी लाटलेल्या पापडाची चव एक राहिली. दूरदर्शनवरील जाहिरातीत रामदास पाध्ये यांचा बोलका ससा आला, तो त्यानंतर कित्येक वर्षांनी. सशाने लोकांना नाव आठवून दिले. आठवावे असे पापडात आधीच होते.

भिवंडीच्या कापडाला नाव का नाही?

दापोड्याच्या गोदामांपासून काही किलोमीटरवर भिवंडी शहरात यंत्रमागांचा खडखडाट आहे. देशातील मोठ्या यंत्रमाग केंद्रांपैकी हे एक. येथील बरेच माग मजुरीवर चालतात. व्यापारी सूत देतो, मागधारक कापड विणून देतो. हे कच्चे, न रंगवलेले कापड पुढे रंगाई-छपाईला जाते आणि बाजारात येते ते दुसऱ्याच्या नावाने. सुटाच्या कापडाच्या काठावर कंपनीचे नाव असते. ज्या मागावर ते विणले गेले, त्याचे नसते.

याचा थेट परिणाम दरावर होतो. बिननावाच्या कापडाचा खरेदीदार दुसऱ्या मागावर चार पैसे कमी दिसले की तिकडे जातो. त्याला थांबवील अशी कोणतीही खूण विणणाऱ्याकडे नसते. गोदामाला जागेचे भाडे मिळते, हमालाला मजुरी, मागधारकाला विणकाम. ग्राहक विश्वासापोटी जे जास्तीचे मोजतो, ते नावाच्या मालकाकडे जाते.

एकट्या मागधारकाला नाव उभे करणे कठीण असले, तरी कायद्यात ‘सामूहिक चिन्हा’ची सोय आहे. संघटना एक चिन्ह नोंदवते आणि तिचे सदस्य ठरलेल्या दर्जाने ते वापरतात. विशिष्ट प्रदेशाशी जोडलेल्या मालासाठी भौगोलिक मानांकन असते. महाराष्ट्र आणि कर्नाटकातील मिळून आठ जिल्ह्यांच्या कोल्हापुरी चपलेला ते आहे. जून २०२५ मध्ये इटलीच्या प्राडाने मिलानमधील सोहळ्यात तशाच चपला मांडल्या, तेव्हा कारागिरांना बोट ठेवायला ही नोंदणी हाताशी होती. टीका झाल्यावर कंपनीने प्रेरणा भारतीय चपलांची असल्याचे मान्य केले.

लहान उद्योजकाने सुरुवात कुठून करावी?

पहिली पायरी नावाची. ‘घरगुती मसाले’ किंवा ‘शुद्ध तूप’ ही वर्णने आहेत; अशा शब्दांवर एकट्याला हक्क मिळणे जवळजवळ अशक्य. वर्णन न करणारे, उच्चारायला सोपे नाव निवडावे.

दुसरी पायरी शोधाची. पाकिटे छापण्याआधी व्यापारचिन्ह नोंदणी कार्यालयाच्या संकेतस्थळावर तसेच नाव आधी कोणी घेतले आहे का, हे मोफत पाहता येते. माल आणि सेवांचे ४५ वर्ग आहेत. कापड २४ मध्ये, तयार कपडे २५ मध्ये, मसाले ३० मध्ये.

तिसरी पायरी अर्जाची. ऑनलाइन अर्जाचे शुल्क व्यक्ती, नवउद्यमी आणि लघुउद्योगांना एका वर्गासाठी ४,५०० रुपये, इतरांना ९,००० रुपये आहे. तपासणीनंतर चिन्ह जर्नलमध्ये प्रसिद्ध होते आणि हरकतीसाठी चार महिने मिळतात. नोंदणी दहा वर्षांची असते, पुढे दर दहा वर्षांनी नूतनीकरण. ‘टीएम’ ही अक्षरे अर्जाआधीही लावता येतात. वर्तुळातला ‘आर’ मात्र नोंदणी झाल्यावरच.

चौथी गोष्ट बहुतेक जण विसरतात. लोगो ज्याने काढून दिला, त्याच्याकडून त्याचे हक्क लेखी घ्यावेत. आणि लोगो मंजूर करण्याआधी तो तीन ठिकाणी पाहावा : एका शाईत पुठ्ठ्यावर, मोबाइलच्या पडद्यावर नखाएवढ्या चौकोनात आणि रस्त्यापलीकडून पाटीवर. तिन्ही ठिकाणी ओळखू आला तरच ठेवावा, आणि मग तो सतत बदलू नये.

ओळख म्हणजे दर्जाची हमी का?

कायद्याने तसे नाही. व्यापारचिन्ह फक्त माल कोणाचा आहे हे सांगते, माल कसा आहे हे सांगत नाही. मात्र त्याचा ग्राहकाला एक फायदा होतो. बिननावाची वस्तू खराब निघाली तर दोष कोणाला द्यायचा, हे कळत नाही. नावाची वस्तू खराब निघाली, तर पुढच्या वेळी ती टाळता येते. कंपनीने वर्षानुवर्षे जपलेली खूण ग्राहकाच्या एका वाईट अनुभवाने तिच्याच विरोधात जाते.

दापोड्याहून निघालेला खोका दारात येतो, तेव्हा आपण त्यावरच्या रंगावर आणि चिन्हावर भरवसा ठेवून तो घेतो. पुढच्या वेळी तोच खोका मागवायचा की नाही, हे मात्र आत काय निघाले यावर ठरते.